निबंध : बांधणारा आणि कस लावणारा

ललित गद्याची अभ्यासपत्रिका मी गेली काही वर्षे पदवीच्या वर्गाला शिकवतो. लघुनिबंधाची वंशावळ सांगण्याची रीत ठरलेली आहे. सोळाव्या शतकात फ्रान्समध्ये माँतेन झाला, त्याने पाया घातला. मग इंग्लंडात बेकन आणि चार्ल्स लँब झाले. आणि विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात ना. सी. फडके ह्यांनी 'गुजगोष्टी' लिहून हा प्रकार मराठीत रुजवला. विद्यार्थी ही नावे वहीत उतरवून घेतात आणि उत्तीर्ण होतात. मीही असाच उत्तीर्ण झालो.

पण त्याआधीची एक गोष्ट मला छळते. अकरावीत असताना 'माझी अभ्यासाची खोली' हा निबंध लिहायला आला. आमचे घर म्हणजे पत्र्याची एक खोली आणि तीत सात माणसे. अभ्यास मी विहाराच्या ओट्यावर करीत असे. निबंधात मी एक खिडकी घातली, खिडकीबाहेर प्राजक्त लावला आणि टेबलावर आजोबांचे घड्याळ ठेवले. आजोबांना घड्याळ कळत नव्हते. निबंधाला दहापैकी आठ गुण मिळाले आणि तो वर्गात वाचून दाखवला गेला. माझा पहिला निबंध खोटा होता आणि खोटा होता म्हणूनच चांगला ठरला.

पुढे माँतेन थोडाफार वाचला तेव्हा ध्यानात आले, की ज्याच्या नावाने हा प्रकार आपल्याला शिकवला जातो त्याने नेमके उलटे काम केले होते. तो खुर्चीत बसून गोड गोड बोलणारा गृहस्थ नव्हता. त्याचा निबंध एका भयंकर काळात, प्रामाण्याच्या प्रश्नातून जन्मला. ग्रंथप्रामाण्याशी झगडत इथवर आलेल्या आपणा लोकांना ही हकीकत माहीत असली पाहिजे, असे मला वाटते.

१

मिशेल द माँतेन १५३३ साली फ्रान्सच्या नैर्ऋत्येस बोर्दो शहराजवळ जन्मला. त्याच्या घराण्याचे मूळ नाव एकेम. हे लोक वाइन आणि खारवलेल्या मासळीचे व्यापारी. पणजोबाने १४७७ मध्ये माँतेन नावाची जहागीर विकत घेतली आणि तीन पिढ्यांत घराणे सरदारांत जमा झाले. मिशेलने एकेम हे नाव टाकून जहागिरीचे नाव तेवढे ठेवले. आईचे घराणे स्पेनमधून आलेल्या, धर्मांतर केलेल्या ज्यूंचे, असे बहुतेक अभ्यासक मानतात. म्हणजे ज्याला आपण जन्मजात सरदार समजतो त्याचे सरदारपण खरेदीचे होते. तिथे ते विकत तरी घेता येत होते, हे इथे नोंदवून ठेवतो. पुढे त्याचा संबंध येणार आहे.

बापाने मुलाला तान्हेपणी एका गरीब खेड्यात दाईकडे ठेवले. मग घरी आणून फ्रेंच न जाणणाऱ्या जर्मन शिक्षकाच्या हवाली केले, जेणेकरून लॅटिन हीच त्याची पहिली भाषा व्हावी. पुढे तो बोर्दोच्या न्यायसभेत न्यायाधीश झाला. १५७१ साली, अडतिसाव्या वाढदिवशी, त्याने निवृत्ती जाहीर केली आणि गढीच्या बुरुजात वरच्या मजल्यावर हजारभर पुस्तके लावून तो बसला. अभ्यासाची खोली त्याला खरोखरीच होती.

बुरुजाबाहेर मात्र माणसे कापली जात होती. ल्यूथरने १५१७ नंतर पोप आणि चर्च ह्यांचे प्रामाण्य नाकारले होते आणि त्या जागी बायबलाचे प्रामाण्य मांडले होते. पण बायबलाचा अर्थ कोणी ठरवायचा? पोपने? ल्यूथरने? की वाचणाऱ्या प्रत्येकाने? प्रत्येक पंथ आपल्यालाच सत्य गवसले आहे असे सांगू लागला आणि त्या सत्यासाठी माणसे जाळू लागला. १५५३ साली कॅल्व्हिनच्या जिनिव्हात सेर्व्हेटस ह्या विद्वानाला जिवंत जाळले, तेही सुधारकांनीच. फ्रान्समध्ये १५६२ पासून १५९८ पर्यंत कॅथलिक आणि प्रॉटेस्टंट ह्यांच्यात यादवी चालली. ऑगस्ट १५७२ मध्ये पॅरिसात प्रॉटेस्टंटांची कत्तल झाली. ऑक्टोबरात बोर्दोतही झाली. माँतेनचे लेखन सुरू झाले ते ह्याच सुमारास.

२

ह्या वातावरणात एक जुने पुस्तक पुन्हा हाती आले. सेक्स्टस एम्पिरिकस हा इसवी सनाच्या दुसऱ्या-तिसऱ्या शतकातला ग्रीक वैद्य. त्याच्या संशयवादी ग्रंथाचे लॅटिन भाषांतर आँरी एत्येन ह्या मुद्रकाने १५६२ मध्ये, म्हणजे यादवी पेटली त्याच वर्षी, छापले. सेक्स्टसची पद्धत थोडक्यात अशी : कोणत्याही विधानासमोर तेवढ्याच वजनाचे विरोधी विधान मांडा. दोन्ही पारडी सारखी झाली की निर्णय आपोआप थांबतो. ह्या निर्णयस्थगनातून मनाला स्वस्थता येते. ह्यासाठी त्याने युक्तिवादांच्या जंत्र्याच दिल्या. एका देशात पवित्र ते दुसऱ्या देशात निषिद्ध. मग वस्तूचे खरे स्वरूप कोणते, ही त्यांतलीच एक युक्ती.

ह्या परंपरेचा मूळ पुरुष पिरो. तो अलेक्झांडरच्या स्वारीबरोबर हिंदुस्थानापर्यंत आला होता आणि इथल्या नग्न साधूंशी त्याची भेट झाली, असे प्राचीन चरित्रकार सांगतो. त्यावरून काही अभ्यासक बौद्ध विचाराशी नाते जोडतात. हे अनुमान आहे, पुरावा नव्हे. आपण त्यावर इमारत उभारू नये. पण आपल्याकडेही असा संशयवाद होता हे मात्र खरे. बुद्धाच्या काळी संजय बेलट्ठिपुत्त नावाचा आचार्य होता. कोणताही प्रश्न विचारा, तो 'असे आहे' म्हणत नसे आणि 'असे नाही' असेही म्हणत नसे. सारिपुत्त आणि मोग्गल्लान हे आधी त्याचेच शिष्य. ते त्याला सोडून बुद्धाकडे गेले. का गेले असतील, ह्याचा विचार पुढे करू.

माँतेनवर सेक्स्टसचा परिणाम खोल झाला. खोलीच्या तुळयांवर त्याने ग्रीक-लॅटिन वचने रंगवून घेतली, त्यांत सेक्स्टसची कितीतरी आहेत. १५७६ मध्ये त्याने एक पदक पाडून घेतले. त्यावर तराजू, दोन्ही पारडी समतोल, आणि शब्द संशयवाद्यांचा : मी थांबतो, निर्णय देत नाही. आपल्याला काय ठाऊक आहे, हे त्याने विधान म्हणून न मांडता प्रश्न म्हणूनच ब्रीद केले. कारण 'काहीच कळत नाही' असे ठासून सांगणे हाही एक सिद्धांतच झाला.

आता हा तराजू आणि त्याने आपल्या लेखनाला दिलेले नाव ह्यांचा संबंध पाहावा. 'एसे' ह्या फ्रेंच शब्दाचा अर्थ प्रयोग, चाचणी, कस लावणे. तो ज्या लॅटिन शब्दातून आला त्याचा अर्थ वजन करणे. १५८० मध्ये पहिले दोन खंड बोर्दोला निघाले, १५८८ मध्ये तिसरा खंड आला; एकूण निबंध १०७. मरेपर्यंत, म्हणजे १५९२ पर्यंत, तो छापील प्रतीच्या समासात भर घालीत राहिला. जुने मत खोडून टाकायचे नाही, शेजारी नवे लिहायचे, ही त्याची रीत. काल मी असे म्हणत होतो, आज असे म्हणतो, दोन्ही मीच.

इथे 'मी' कसा आला हे लक्षात घेतले पाहिजे. पोपचे प्रामाण्य संशयास्पद, ग्रंथाच्या अर्थाचे प्रामाण्य संशयास्पद, पंडितांत एकमत नाही. मग उरले काय? आपला देह, आपली स्मृती, आपले भय, आपला मूतखड्याचा आजार. ह्यांविषयी तरी मी साक्ष देऊ शकतो. माँतेनचा 'मी' आत्मप्रौढीतून आलेला नाही. प्रामाण्ये कोसळल्यावर हाती उरलेला तो शेवटचा साक्षीदार आहे. आणि एका माणसाची कसून घेतलेली साक्ष ही साऱ्या माणसांविषयी काही सांगते, असा त्याचा विश्वास होता.

३

मग तो केवळ हातावर हात ठेवून बसला काय? नाही. तराजूत त्याने युरोपलाच घातले. ब्राझीलच्या आदिवासींना युरोपीय लोक नरमांसभक्षक रानटी म्हणत. माँतेन म्हणतो, आपल्या चालीचे नसेल त्याला आपण रानटी म्हणतो, एवढाच ह्या शब्दाचा अर्थ. मेलेल्या शत्रूचे मांस खाणे वाईट खरेच. पण जिवंत शेजाऱ्याला धर्माच्या नावाने छळून भाजणे त्याहून वाईट, आणि हे आपण डोळ्यांनी पाहिले आहे. तो पुढे सांगतो, की रुआं शहरात त्याला तीन ब्राझीली भेटले. राजा नववा चार्ल्स तेव्हा १२ वर्षांचा. तुम्हाला इथे काय नवल वाटले, असे विचारल्यावर ते म्हणाले, की एवढे दाढीवाले शस्त्रधारी पुरुष एका पोराची आज्ञा कशी पाळतात? आणि दुसरे नवल : काही जण पोट फुटेपर्यंत खातात आणि त्यांचेच दुसरे अर्धे भाऊबंद दाराशी उपाशी उभे आहेत. हे उपाशी लोक त्यांचे गळे कसे धरत नाहीत, घरे कशी पेटवत नाहीत? हा प्रश्न त्याने छापला आणि उत्तर न देता पुढे गेला.

चेटकिणी म्हणून बाया जाळल्या जात होत्या. त्याने लिहिले, की केवळ तर्कावर माणूस जाळायचा म्हणजे आपल्या तर्काला भलतेच मोल देणे झाले. न्यायालयातील यातनांचा त्याने निषेध केला. त्याने सत्य कळत नाही, फक्त सोशिकपणा कळतो. अमेरिकेत स्पेनने केलेल्या संहाराविषयी त्याने संतापून लिहिले. १५८१ मध्ये रोमला पोपच्या ग्रंथपरीक्षकांनी जे आक्षेप घेतले, त्यांत साध्या मृत्युदंडापलीकडची प्रत्येक शिक्षा ही क्रूरताच, ह्या त्याच्या मताचाही समावेश होता. ते मत त्याने काढले नाही. १६७६ मध्ये चर्चने त्याचे पुस्तक निषिद्ध ठरवले.

ह्यातून एक गोष्ट स्पष्ट होते. सत्य मला गवसले, असे म्हणणाऱ्यांविषयी त्याला संशय होता. दुसऱ्याच्या वेदनेविषयी नव्हता. तिथे पारडी समतोल नव्हती.

४

आणि तरीही. तिसऱ्या खंडातल्या पाचव्या निबंधात, सरदारपण म्हणजे काय ह्याची चर्चा चालू असताना, माँतेन एकदम कालिकतकडे वळतो. व्हास्को द गामा १४९८ मध्ये कालिकतला उतरल्यापासून मलबारच्या हकिकती युरोपात पोचत होत्या. त्यांच्या आधारे तो सांगतो, की तिथले उच्चकुलीन स्वतःला माणसांहून वरची जात समजतात. हलक्या लोकांचा नुसता स्पर्श झाला तरी ते विटाळतात आणि फार जवळ आलेल्याला ठार करतात. म्हणून हलक्या लोकांना वाट चालताना ओरडत जावे लागते, व्हेनिसचे नावाडी वळणावर ओरडतात तसे. वरचे सांगतील त्या बाजूला त्यांनी सरायचे. एकाला कायमचा विटाळ टळतो, दुसऱ्याला मरण टळते. कितीही काळ लोटो, राजाची मर्जी होवो, गुण असो की धन असो, तिथे खालचा वरचा होत नाही. चांभाराच्या कुळाने सुताराच्या कुळात लग्न करायचे नाही आणि बापाचा धंदा सोडून मुलाने दुसरा करायचा नाही.

हा मजकूर मी प्रथम वाचला तेव्हा पुस्तक मिटून ठेवले. ज्या पुस्तकापासून जगातला ललित निबंध सुरू होतो, त्यात आपण आहोत. रस्त्यावरून ओरडत चाललेले. पुण्यात पेशवाईत अस्पृश्याच्या गळ्यात मडके आणि कमरेला झाडू असे, हे बाबासाहेबांनी १९३६ मध्ये लिहिले. मलबारात ओरडणे, पुण्यात मडके. एकाच गोष्टीची दोन रूपे. चारशे वर्षांपूर्वी एका फ्रेंच माणसाने जातीची तिन्ही लक्षणे, म्हणजे विटाळ, बेटीबंदी आणि धंदाबंदी, एका परिच्छेदात पकडली. त्याच्या घराण्याला मासळीच्या पैशाने वर चढता आले होते. म्हणूनच कदाचित 'काही केल्या चढता येत नाही' हे कलम त्याच्या ध्यानात आले असेल.

पण ह्या परिच्छेदात संताप नाही. ब्राझीलच्या लोकांना त्याने बोलते केले, प्रश्न विचारू दिले. कालिकतचा माणूस इथे फक्त ओरडतो, तोही आज्ञेप्रमाणे. आपल्याकडचे सरदारपण किती वरवरचे आहे हे दाखवण्यापुरते ते उदाहरण आले आणि संपले. माँतेनला त्यासाठी दोषी धरण्यात अर्थ नाही. ऐकीव हकिकतीपलीकडे त्याच्या हाती काही नव्हते. प्रश्न वेगळा आहे. संशयवादाची पद्धत इथवर आणून आपल्याला कुठे सोडते?

५

सेक्स्टसचे सांगणे होते, की निर्णय देता येत नाही, तेव्हा रोजच्या जगण्यात आपल्या देशाच्या चालीरीती पाळाव्यात. माँतेननेही हेच स्वीकारले. रूढी ही जुलमी आहे, ती हळूहळू माणसाला ताब्यात घेते, हे त्याने जितके स्पष्ट लिहिले तितके क्वचितच कोणी लिहिले असेल. पण निष्कर्ष काय? आत मन मोकळे ठेवा, बाहेर रूढी पाळा. तो आयुष्यभर कॅथलिक राहिला, कारण तो त्या देशात जन्मला होता. चर्चच्या काही पक्षपात्यांनी तर संशयवादाचे स्वागतच केले : बुद्धीला काही कळत नाही ना, मग परंपरा सोडू नका.

त्याचा जिवलग मित्र एत्येन द ला बोएसी ह्याने तरुणपणी स्वेच्छेच्या गुलामगिरीवर एक निबंध लिहिला होता. जुलमी राजाची ताकद आपणच त्याला देतो, आपण देणे थांबवले की तो कोसळतो. आणि ही गुलामगिरी टिकवणारे पहिले कारण सवय, असे त्याचे प्रतिपादन. बोएसी १५६३ मध्ये वारला. माँतेनला तो निबंध आपल्या पहिल्या खंडाच्या मध्यभागी ठेवायचा होता. पण प्रॉटेस्टंट बंडखोरांनी तो छापला, वापरला. आणि माँतेनने तो वगळला. मित्राच्या शब्दांची जागा रिकामी ठेवून त्याने शांतता पत्करली.

ज्याचा बुरुज शाबूत आहे त्याला निर्णय तहकूब ठेवता येतो. ज्याला रस्त्यावर ओरडत जावे लागते तो कोणता निर्णय तहकूब ठेवणार? सारिपुत्त आणि मोग्गल्लान संजयाला सोडून गेले ते ह्यासाठीच असावेत, असे मी समजतो. संशय दार उघडतो. दारातच बसून राहायचे नसते. दुःख आहे, त्याला कारण आहे आणि ते कारण दूर करता येते, हे सांगणारा त्यांना हवा होता.

६

आता आपल्या शब्दाकडे येतो. 'एसे'ला आपण 'निबंध' म्हणतो. निबंध म्हणजे बांधणे. आणि हा शब्द कोरा नव्हता. धर्मशास्त्रात निबंध नावाचा एक ग्रंथप्रकारच आहे : स्मृतींतली वचने गोळा करून, विरोध मिटवून, कोणी काय करावे ह्याचा पक्का निर्णय देणारे संग्रह. देवगिरीच्या यादवांचा मंत्री हेमाद्री ह्याचा 'चतुर्वर्गचिंतामणि' हा असा तेराव्या शतकातला ग्रंथ. १६१२ मध्ये, म्हणजे माँतेनच्या मृत्यूनंतर अवघ्या २० वर्षांनी, काशीत कमलाकरभट्टाने 'निर्णयसिंधु' पुरा केला. हे घराणे मूळचे आपल्या पैठणचे. एकीकडे निर्णय थांबवणारा तराजू. दुसरीकडे निर्णयांचा समुद्र. ह्याच कमलाकरभट्टाने शूद्रांच्या आचारावर 'शूद्रकमलाकर' लिहिला. शूद्रांनी काय करावे हे शूद्राला न विचारता बांधून टाकणारा, तोही निबंधच.

एकोणिसाव्या शतकात तोच शब्द नव्या गद्याला मिळाला. १८७४ पासून विष्णुशास्त्री चिपळूणकरांची 'निबंधमाला' निघाली. तिने जोतीराव फुल्यांच्या लेखनाची टिंगल केली. पुढे गुजगोष्टी आल्या; त्यांत 'मी' आला, पण प्रामाण्याचा प्रश्न गळाला. तराजू गेला, आरामखुर्ची राहिली.

पण मराठीत कस लावणारा निबंध त्याआधीच लिहिला गेला होता. फेब्रुवारी-मार्च १८५५ च्या 'ज्ञानोदया'त जोतीरावांच्या शाळेतील मुक्ता साळवे ह्या मातंग विद्यार्थिनीने मांग-महारांच्या दुःखाविषयी लिहिले. माँतेनचे नाव तिच्या कानावर जाण्याचा प्रश्नच नव्हता. तिचा युक्तिवाद पाहा. वेद आमचेच, तुम्ही ते पाहायचेही नाहीत, असे ब्राह्मण म्हणतात. मग आम्हांला धर्मग्रंथ नाही हे उघड झाले. मग आमचा धर्म कोणता, हे देवानेच सांगावे. प्रतिपक्षाचेच विधान उचलून त्याच्याच वजनाने पारडे उलटवणे, हे सेक्स्टसलाही मान्य झाले असते. मग ती साक्ष देते : आमच्या बाया बाळंत होतात तेव्हा घरावर छप्परही नसते, थंडीपावसात काय होत असेल ते स्वतःच्या अनुभवावरून ताडून पाहा. इथे 'मी' आहे, संशय आहे. पण स्थगन नाही. कालिकतच्या रस्त्यावर ओरडणारा माणूस इथे प्रथमच आपल्या मनाचे बोलला.

पुढे 'बलुतं' १९७८ मध्ये आले, 'उपरा' १९८० मध्ये, 'जिणं आमुचं' १९८६ मध्ये. तेव्हा हे साहित्य नव्हे, समाजशास्त्राचे साहित्य आहे, असे म्हणणारे समीक्षक निघाले. फ्रेंच सरदाराने आपल्या मूतखड्याविषयी लिहिले तर तो अखिल मानवाचा अनुभव. दया पवारांनी कावाखान्याविषयी लिहिले तर ती एका जातीची हकीकत. हा मापातला खोट आहे आणि तो आपण दाखवून दिला पाहिजे.

मात्र तराजू हाती घेतला की त्यात आपल्यालाही बसावे लागते. माँतेनने दुसऱ्यांआधी स्वतःला तोलले. आपल्या वस्तीतली पोटजात, आपल्या घरातली बाई, आपल्या चळवळीतले न विचारता मान्य झालेले शब्द ह्यांचाही कस आपण लावतो काय? स्मृतींविरुद्ध हेतुशास्त्र वापरणाऱ्याला बहिष्कृत करा, असे मनूने सांगितले होते. बाबासाहेबांनी तेच हेतुशास्त्र आपल्या हाती दिले. ते पेटीत ठेवून त्याची पूजा करण्यासाठी नव्हे.

परवा मी वर्गाला विषय न देता दोन पाने लिहायला सांगितली. मागच्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, "सर, खरं लिहिलं तर मार्क कमी होतील का?" वर्ग हसला. मी हसलो नाही. मी त्यांना माझ्या त्या खिडकीची, प्राजक्ताची आणि आजोबांच्या घड्याळाची गोष्ट सांगितली आणि त्यासाठी किती गुण मिळाले तेही सांगितले. ती खाली बसली आणि लिहू लागली.